अक्का नावाची पेटी

नाना गेल्याचा फोन आला तेव्हा मी देवपूरच्या घरी मेथी निवडत होते. नाना माझा थोरला भाऊ, सोनगीरला मधमाश्या पाळायचा. पुढे कितीतरी दिवस लोक भेटायला येत राहिले आणि जाताना प्रत्येक जण एकेक किस्सा ठेवून गेला.

येणारा आधी एकच विचारायचा, "माश्या चावल्या का?"

"नाही, हार्ट अटॅक."

गल्लीतले आबा हळहळले. "जन्मभर चावल्या त्या, अन् नाव भलत्याचंच झालं."

*

नाना माश्यांना अहो-जाहो करायचा. पेटीत वाकून म्हणायचा, "अहो, जरा सरकता का?" बायकोला मात्र, "ए, चहा."

वहिनी एकदा म्हणाली, "मला नांगी असती तर मीही अहो झाले असते."

*

बियाण्यासाठी राखलेल्या कांद्याचे डोंगळे, म्हणजे फुलांचे गोंडे, फुलले की माश्यांनी परागीभवन करावं म्हणून शेतकरी त्याच्या पेट्या भाड्याने नेत. एकाचा सकाळीच फोन आला. "नाना, भाडं मनं, अन् माश्या बठ्ठ्या शेजारना वावरमा शेतस."

भाडं याचं आणि माश्या सगळ्या शेजाऱ्याच्या शेतात! नाना शांतपणे म्हणाला, "त्यास्ले सातबारा वाचता येत नही, भाऊ."

*

कॉलेजच्या पोरांना शिकवायला गेला. "माशी जवळ आली की हलायचं नाही. पळायचं तर मुळीच नाही." तेवढ्यात एक त्याच्याच तोंडावरच्या जाळीत शिरली. नाना थेट हायवेपर्यंत पळाला.

धापा टाकत परत आला आणि म्हणाला, "बघितलं ना? असं करायचं नाही."

*

सगळ्यात तापट पेटीचं नाव त्याने ठेवलं होतं अक्का. अक्का म्हणजे आमची नशिराबादची मोठी बहीण. "आज अक्का तापलीय, मागच्या दाराने या," असं तो पाहुण्यांना सांगायचा. साऱ्या गावाला माहीत होतं, अक्काला सोडून.

"तिला मीच सांगणार," तो मला म्हणायचा. "तू मध्ये पडू नको. हिंमत झाली की सांगतो."

*

तेरावं झालं. वहिनीच्याने पेट्या सांभाळणं होणार नव्हतं, म्हणून तिने त्या वाटायला काढल्या. अक्का म्हणाली, "एक मी नेणार. त्याची आठवण."

आणि जाळी न घालता, उघड्या हातांनी ती सरळ त्याच पेटीपाशी गेली. वहिनीने माझा दंड घट्ट धरला. अक्काने झाकणावर हात ठेवला. एक माशी तिच्या मनगटावर बसली, बांगडीपर्यंत चालत गेली, उडून गेली.

"हीच दे," अक्का म्हणाली. "गुणाची दिसते. हिला काही नाव दिलं होतं का गं त्याने?"

वहिनी चहा टाकायला आत गेली.

पेटी आता नशिराबादला आहे. अक्का फोनवर तिचं कौतुक सांगत असते. नाव अजून सांगायचं राहिलंय.