आधीचे तीस सेकंद

या जगात कुठलीही गोष्ट आपोआप बिघडत नाही, यावर माझ्या साडूंची जेवढी श्रद्धा आहे, तेवढी एखाद्या पुजाऱ्याची देवावर नसेल. चाकणच्या एका कंपनीत मेन्टेनन्समध्ये त्यांचा जन्म गेला. "आपोआप बंद पडलं" हे वाक्य त्यांच्यासमोर उच्चारायची सोय नाही. चिखलीच्या त्यांच्या घरात मिक्सर बंद पडो नाहीतर भिंतीवरचं घड्याळ, साडू आधी स्वतःच्या बोटातली अंगठी काढून ठेवतात, बोर्डाचं बटण बंद करतात, त्यावर 'दुरुस्ती चालू, हात लावू नये' अशी लाल पाटी अडकवतात आणि मग घरातल्या प्रत्येकाची साक्ष घेतात, "बंद पडायच्या आधी काय झालं होतं?" जे उत्तर येईल त्यावर 'का?', त्याच्या उत्तरावर पुन्हा 'का?', असं पाच वेळा. पाचव्या 'का'ला खरं कारण हाती लागतं, असं त्यांना कंपनीत शिकवलेलं. एकदा आमटी खारट झाली. "का?" त्यांनी विचारलं. "हात घसरला," ताई, म्हणजे माझ्या बायकोची मोठी बहीण, म्हणाल्या. "का?" "लक्ष नव्हतं." "का?" "तुम्ही पाठीशी उभं राहून का-का करत होता म्हणून!" साडूंनी गंभीरपणे मान डोलावली. "सापडलं कारण. यावेळी तिसऱ्यातच आलं," असं म्हणून ते मुकाट बाहेर जाऊन बसले.

एवढा शोध घेतात, पण शेवटची वायर मात्र स्वतः जोडत नाहीत. ती जोडायला बाहेरून वायरमन येतो, आणि त्याने जोडली की हे मला विचारतात, "पाहुणे, बघा जरा, घट्ट बसलीय ना?" मी कागदावर आकडे मांडणारा माणूस, मला त्यातलं काय कळतं? तरी मी वाकून बघतो आणि हो म्हणतो. यावर घरातली सगळी मंडळी पोट धरून हसतात. मीही हसतो. पण हे असं का झालं, हे त्या घरात फक्त मला माहीत होतं.

बारा वर्षांपूर्वी त्याच कंपनीत साडूंनी माझ्यासाठी शब्द टाकला आणि मी मशीनवर लागलो. कंत्राटावर होतो, कायम व्हायला दोन महिने राहिलेले. आमच्या मशीनच्या दाराला एक स्विच असायचा, दार उघडं असेल तर मशीन फिरू नये म्हणून. दर जॉबला, म्हणजे मशीनवर कापायच्या प्रत्येक लोखंडी भागाला, दार उघडा, लावा, यात वेळ जाई आणि टार्गेट पुरं होईना. तेव्हा मी त्या स्विचमध्ये पत्र्याचा एक तुकडा सारला. स्विचला वाटे, दार बंद आहे. एके सकाळी जॉब नीट आवळला गेला नव्हता. मशीन फिरलं, जॉब उघड्या दारातून सुटला आणि माझ्या कानाशेजारून जाऊन भिंतीवर आदळला. कुणाला लागलं नाही. मशीन मात्र महिनाभर बंद राहिलं. लोक धावत यायच्या आत मी पत्र्याचा तुकडा काढून खिशात टाकला. चौकशीत एकच प्रश्न निघाला, दार उघडं असताना मशीन फिरलंच कसं? त्या स्विचचं वायरिंग आदल्याच दिवशी साडूंनी तपासलेलं होतं. निष्काळजीपणाचा मेमो त्यांना मिळाला. मला त्यांनी फक्त एवढंच विचारलं, "पाहुणे, आधी काय झालं होतं?" मी म्हणालो, "काही नाही भाऊ, आपोआप झालं." दोन महिन्यांनी मी कायम झालो, पुढे मशीन सोडून हिशेबाच्या टेबलावर गेलो. त्या मेमोपासून साडूंनी एकट्याने वायर जोडलेली मी पाहिली नाही.

निवृत्तीनंतर त्यांनी एक कॉम्प्युटर घेतला, टेबलावरचं एक स्टिअरिंग आणि ट्रक चालवायचा गेम. परदेशातले रस्ते, मोठाले ट्रक, इथला माल तिथे पोचवायचा. साडू तो गेम जसा खेळतात तसा तो बनवणाऱ्यानेही खेळला नसेल. निघण्यापूर्वी ट्रकभोवती एक चक्कर, सिग्नलला थांबणं, मोकळ्या रस्त्यावरही वेगाची मर्यादा. "अहो, मागचे हॉर्न मारतायत," मी एकदा म्हणालो. "मारू द्या," साडू म्हणाले, "आपल्या गाडीत काचेचा माल आहे." पण दरवेळी गोदामाशी येऊन ट्रक मागे घेताना पडदा जागीच गोठायचा. कॉम्प्युटरला साक्ष विचारता येईना, म्हणून ते कुदळवाडीतल्या दुरुस्तीवाल्या शेखभाईंकडे गेले. "चाचा, इसमें पहलेसेच एक पट्टी है," शेखभाई म्हणाले, "गेम के ऊपर खुलती है. गर्मी दिखाती है, और पिछले तीस सेकंद का वीडियो भी रखती है. दूसरा कुछ डाउनलोड कायको करते?"

साडूंनी दुकानातूनच मला फोन केला. "पाहुणे, बिघाडाच्या आधीचे तीस सेकंद! मशीन स्वतःच ठेवतंय! तुम्ही एक्सेलवाले, या लवकर."

मी रविवारी दुपारी गेलो. कॉम्प्युटरवर लाल पाटी होतीच. खिडकीचं चिन्ह असलेलं बटण आणि इंग्रजी 'जी' अक्षर एकदम दाबलं की पट्टी उघडायला हवी. दाबलं, काही नाही. "का?" साडू म्हणाले. सेटिंगमधल्या गेमिंगच्या पानावर तिचं बटणच बंद होतं. ते चालू केलं. मग पट्टी उघडली, पण रेकॉर्डिंगचं गोल चिन्ह फिकट आणि मुकं. "का?" कारण आम्ही गेम न उघडताच बसलो होतो, आणि मोकळ्या पडद्याचं रेकॉर्डिंग ही पट्टी करत नाही. "बरोबर आहे तिचं," साडू म्हणाले, "काम चालू नसताना रिपोर्ट कशाचा लिहायचा?" गेम उघडला, तर पट्टी गेमच्या मागे दडली. गेम पूर्ण पडद्याऐवजी बिनकडांच्या खिडकीत चालवला, तेव्हा ती वर आली. मागचं जपून ठेवायची सोय वेगळीच बंद होती, ती चालू करून मुदत तीस सेकंद ठेवली. तापमानाची चौकट कोपऱ्यात टाचली. प्रत्येक पायरी साडूंनी वहीत लिहिली, आणि पुढे माझी सही घेतली.

मग ते ट्रक घेऊन निघाले. ताईंनी दोनदा चहा आणला तरी त्यांनी स्टिअरिंग सोडलं नाही. गोदाम आलं. ट्रक मागे घेताना आकडा चढत गेला, नव्वद, त्र्याण्णव, पंच्याण्णव. चित्र अडखळू लागलं तसं साडूंनी ते तीस सेकंद साठवायचं बटण दाबलं, आणि पडदा गोठला. पुन्हा चालू करून आम्ही ती फीत पाहिली. त्यांनी ती अकरा वेळा पाहिली. मग उठून टेबलाखाली वाकले. चिखलीच्या धुळीपासून कॉम्प्युटर जपावा म्हणून त्यांनी ताईंकडून जाड कापडाचं आवरण शिवून घेतलं होतं, आणि त्याने हवेची सगळी भोकं बंद झाली होती.

"मी तेव्हाच म्हणाले होते, त्याला स्वेटर कशाला?" ताई म्हणाल्या.

साडूंचा चेहरा फुलला होता. त्यांनी वहीत लिहिलं, 'कारण: आवरण. चूक: माझी.' आणि खाली ठसठशीत सही केली. मी त्या सहीकडे बघत राहिलो. किती सोपं होतं ते! पेनाला झाकण लावत ते म्हणाले, "पाहुणे, आपल्या त्या मशीनला अशी पट्टी असती तर बरं झालं असतं. माझ्या हातून नेमकं काय राहिलं, ते तरी कळलं असतं."

ताई कप घेऊन आत गेल्या होत्या. मी म्हणालो, "तुमच्या हातून काही राहिलं नव्हतं, भाऊ. स्विचमध्ये मी पत्र्याचा तुकडा घातला होता. लोक यायच्या आत काढला."

त्यांनी चष्मा काढला. "वरून घातला की बाजूने?"

"वरून."

"बसतो?"

"थोडा घासावा लागतो."

"आणि मी तपासलं तेव्हा?"

"तेव्हा नव्हता. दुसऱ्या दिवशी शिफ्ट लागल्यावर घातला."

"म्हणजे वायरिंग बरोबर होतं."

"बरोबर होतं."

त्यांनी चष्मा पुसून पुन्हा घातला. ते ओरडले असते तर मला बरं वाटलं असतं. ते म्हणाले, "मेमो मी घेतलाच असता रे. तू कंत्राटावर होतास, तुला काढलंच असतं. साहेबांना नसतं सांगितलं तरी चाललं असतं. मला एकट्याला सांगायचं होतंस." इतक्या वर्षांत त्यांनी मला पहिल्यांदाच अरे-तुरे केलं.

मग त्यांनी दोन्ही हात टेबलावर उपडे ठेवले, उलटे करून पाहिले, पुन्हा उपडे ठेवले. "चांगलेच होते की," ते म्हणाले, पण मला नाही, हातांना.

मी अजूनही रविवारी त्यांच्याकडे जातो. त्यांनी हे ताईंना सांगितलं की नाही, मला माहीत नाही, आणि विचारायचा धीर होत नाही. ते माझ्याशी चांगलंच वागतात, बाजूला खुर्ची ओढून देतात, ट्रक मागे कसा घ्यायचा ते शिकवतात. फार सुबक घेतात, एका दमात, गोदामाच्या भिंतीला न लागता. त्या वेळी मी पडद्याकडे बघत नाही, त्यांच्या हातांकडे बघतो. हे हात बारा वर्षं स्वतःला घाबरून होते. त्यांची चूक नव्हती ही खबर मी त्यांना दिली खरी, पण दिली तेव्हा कंपनी सुटली होती, आणि त्यांच्यापुढे मशीन उरलं नव्हतं.