भाऊ अजून घरी आला नाही

पोलिसातल्या नोकरीत खून पाहिले, रुळांवर सापडलेली माणसं पाहिली. ते सगळं आता पुसट होत चाललंय. एक आवाज मात्र पुसट होत नाही. तो मी फोनवर ऐकला होता. एकच वाक्य, तेही मला न समजणाऱ्या भाषेतलं.

आमच्या घरात कॉलेजात जाणारा मी पहिला, आणि तोही निवृत्तीनंतर. तिथल्या बाई म्हणाल्या, नोकरीतली एखादी केस लिहून आणा. मला लिहायची सवय म्हणजे लोकांची स्टेटमेंट्स लिहायची. त्यामुळे हे कसं जमेल ते सांगता येत नाही. केसमधल्या कुणाचंही नाव देणार नाही. एक नाव मात्र द्यावंच लागणार आहे, त्याशिवाय ही केस सांगताच येत नाही.

सत्तरच्या दशकाची सुरुवात. मी लीड्सला डिटेक्टिव्ह कॉन्स्टेबल होतो. स्टेशनात दुसरा कुणी हिंदुस्थानी नव्हता, मराठी तर लांबच. नोव्हेंबरातल्या एका सकाळी हॉस्पिटलच्या मेट्रनचा फोन आला. नर्सिंग शिकणारी एक मुलगी आदल्या दिवशी कालव्याच्या कडेला सापडली होती. गुडघ्यापर्यंत पाण्यात उभी, अंगावर युनिफॉर्म. तिथल्या कामगाराने हात धरून बाहेर काढलं, तर म्हणाली, "मला बोलावतायत." मुलगी तैवानची होती. आपल्याला फोनवर मेलेलं माणूस हाक मारतं, असं ती सांगत होती. डॉक्टरांना तो मनाचा आजार वाटत होता. आठवड्याभरात तिला विमानात बसवून घरी पाठवायचं जवळजवळ ठरलं होतं. मेट्रनला तेवढंच पोलिसांकडून हवं होतं: फोन खरंच येतात, की तिच्या डोक्यात येतात?

सार्जंटने कागद माझ्यापुढे टाकला. "तू एशियन, तीही एशियन. जा."

"सार्ज, तैवान आणि सातारा यांच्यात पाच-सहा देश येतात."

"दोघंही भातच खाता ना?"

"आम्ही भाकरी खातो."

"मग तिला भाकरी खायला घाल. पण फोनचं काय ते शोधून ये."

नर्सेसच्या होस्टेलमध्ये गेलो. वॉर्डन बाई कडक, पण मनाने बऱ्या होत्या. फोन खालच्या कॉरिडॉरमध्ये भिंतीवर होता. त्या म्हणाल्या, "फोन येतात हे खरं आहे, ऑफिसर. मी स्वतः उचललाय. बाईचा आवाज असतो. 'चायनीज नर्सला बोलवा,' एवढंच म्हणते. आमच्याकडे ही एकटीच आहे, म्हणून मी तिला हाक मारते."

मी ते वहीत उतरवून घेतलं आणि पुढे गेलो. त्याच वाक्यापाशी थांबायला हवं होतं, हे नंतर कळलं.

मुलगी खोलीत पलंगाच्या कडेवर बसली होती. वीस-एकवीस वर्षांची. खोलीला आतून कुलूप, वर दाराला खुर्ची; वॉर्डनची हाक ऐकून तिने ते काढलं होतं. मी प्रश्न विचारले, की ती फक्त मान हलवायची. मी वही मिटली. मग काय सुचलं कुणास ठाऊक, तिला माझ्या आईबद्दल सांगितलं. माझ्या आईचं नाव नकुशी. चार मुलींवर पाचवी झाली, नको होती, म्हणून नकुशी. आमच्याकडे अशी नावं ठेवतात, म्हणजे देव समजतो आणि पुढचा मुलगा देतो. आई इंग्लंडला आली तेव्हा विमानतळावरच्या साहेबाने पासपोर्ट बघून विचारलं, किती सुंदर नाव, अर्थ काय? आईने मला कोपर मारलं आणि म्हणाली, "सांग त्याला, फुलाचं नाव आहे."

मुलगी माझ्याकडे बघत राहिली. मग म्हणाली, "माझंही होतं. चाओ-दी."

"अर्थ?"

"धाकट्या भावाला बोलावून आण."

ते नाव तिने शाळेतच बदलून घेतलं होतं. पासपोर्टवर दुसरं, होस्टेलात तिसरंच, इंग्लिश. चाओ-दी हे नाव इंग्लंडात एकाही माणसाला ठाऊक नव्हतं. आणि फोनवरची बाई तिला त्याच नावाने हाक मारत होती. "चाओ-दी, चाओ-दी. भाऊ अजून घरी आला नाही."

"तुमचा भाऊ?"

"नावामुळे तो आला. सगळे म्हणायचे, हिच्यामुळे आला. मग एक दिवस मी त्याला सांभाळत होते, आणि तो मासे पाळायच्या तळ्यात पडून बुडाला." तिचे ओठ पांढरे पडले होते. "आवाज माझ्या आजीचा आहे. आजी जाऊन पाच वर्षं झाली."

मी तिचं स्टेटमेंट घेतलं.

पुढचे दोन दिवस मी दुपारनंतर त्या फोनपाशी बसून होतो. बाहेर चार वाजताच अंधारायला लागायचं, धुकं काचेला चिकटायचं. नर्सेस येता-जाता टोमणे मारायच्या, "ऑफिसर, भुताशी डेट आहे का?" दुसऱ्या दिवशी फोन वाजला. मी वॉर्डनना खूण केली. त्यांनी उचलला, 'बोलावते तिला,' म्हणाल्या आणि रिसीव्हर माझ्या हातात दिला.

आधी पेफोनचे पिप्स, म्हणजे पैसे संपल्याची टूं-टूं, ऐकू आले, मग नाणं पडल्याचा आवाज. मला हायसं वाटलं. भूत काही नाणं टाकून फोन करत नाही. आणि तेवढ्यात तो आवाज आला.

मी घाबरट नाही. पण तो आवाज जवळून आला, कानाच्या आतून आल्यासारखा. म्हाताऱ्या बाईचा, थकलेला, अजिबात न रागावलेला. कुणीतरी वर्षानुवर्षं दारात उभं राहून वाट बघतंय, तसा. "चाओ-दी..." मी "कोण बोलतंय?" असं दरडावून विचारणार होतो, पण रिसीव्हर कानाला धरून नुसता ऐकत राहिलो. वर बघितलं, तर जिन्यावर ती मुलगी उभी होती. तिला खोलीतून घंटा ऐकू आली होती. ती माझ्या चेहऱ्याकडे बघत होती, आणि माझा चेहरा बघून तिची उरलीसुरली खात्री पटली. हे मला स्पष्ट दिसलं.

फोन खरे होते, एवढं सिद्ध झालं. पण त्याने मुलीचं काही भलं होत नव्हतं. ती म्हणाली, "आता तुम्हीही ऐकलंत. मला गेलंच पाहिजे." मेट्रनने तिच्या खोलीत पाळीपाळीने एक नर्स बसवली.

आता संशय कुणावर? तिला इथे ओळखणारा एकच माणूस होता, युनिव्हर्सिटीत इंजिनिअरिंग शिकणारा एक तैवानी मुलगा. दोघं एकदा-दोनदा चहाला भेटले होते, मग तिने भेटणं थांबवलं होतं. सार्जंटने त्याला स्टेशनात आणवलं आणि तासभर सोलून काढलं.

"तिने नकार दिला, म्हणून सूड घेतोस ना? बाईचा आवाज कोण काढतं? बहीण? मैत्रीण?"

"सर, मी तिला फोनसुद्धा केलेला नाही. तिने नंबरच दिला नव्हता."

"तिचं लहानपणीचं नाव काय?"

"मला माहीत नाही."

तो खरं बोलत होता. खोटं बोलणारा माणूस आधी रागावतो किंवा आधी रडतो. हा नुसता गोंधळला होता. पण फोनचा प्रकार ऐकल्यावर त्याचा चेहरा उतरला. जाताना दारात वळून त्याने मला हळूच विचारलं, "तुमची खात्री आहे ना, ती बाई जिवंत आहे?" सार्जंट हसला. मला हसू आलं नाही.

ते नाव आम्ही फार जपत होतो. मुलीला मी शब्द दिला होता, की कुणाला सांगणार नाही. शिवाय तपासाचा साधा नियम आहे, जी गोष्ट फक्त गुन्हेगारालाच ठाऊक असते, ती आपण बाहेर बोलायची नाही. तेव्हा कुणालाही विचारताना आम्ही नाव घेतच नव्हतो.

विमानाला तीन दिवस उरले, तेव्हा मी मुलीची परवानगी मागितली. ती म्हणाली, "सांगा. आता काय फरक पडतो."

स्टेशनापासून दोन रस्ते सोडून एक चिनी रेस्टॉरंट होतं. दुपारची गिऱ्हाइकं गेली होती. मालकीण मागच्या टेबलावर वाटाणे सोलत बसली होती. जाडजूड, हसऱ्या चेहऱ्याची बाई, हाँगकाँगकडची. मी विचारलं, "चाओ-दी नावाच्या कुणाला ओळखता का?"

ती मोठ्याने हसली. "कोणती चाओ-दी? आमच्याकडे जरा वेगळं म्हणतात, पण नाव तेच. माझी नणंद आहे. आमच्या आचाऱ्याची आई आहे. शाळेत माझ्या वर्गात दोघी होत्या. ऑफिसर, पोरगा हवा असला की पोरीचं नाव तेच ठेवतात. हाक मारा, निम्मा बाजार वळून बघेल."

मी तिथेच खुर्चीवर बसलो. आमच्या साताऱ्याकडे नकुशी काय एकच होती? गावोगाव होत्या. हे मला ठाऊक असून मी इतके दिवस शोधत होतो, की त्या एका मुलीचं गुपित कुणाला कळलं.

"आणि हो," मालकीण म्हणाली, "फोनवरची चाओ-दी राहिली."

"फोनवरची?"

"सिनेमाची हो! आम्हालाही आला होता फोन. 'भाऊ अजून घरी आला नाही.' नवरा इतका टरकला, की हातातली बशी फोडली. मग मी त्याला खिडकीतलं पोस्टर दाखवलं. ते बघा, त्यावर तेच लिहिलंय. तैवानचा भुताचा सिनेमा आहे, रविवारी दुपारी लागतो. जाहिरात करतात मेले."

त्या पोस्टरवरून मी रोज स्टेशनला जात होतो. पांढरा चेहरा, मोकळे केस, आणि खाली मला न वाचता येणारी अक्षरं.

रविवारच्या खेळांसाठी एक जुनं थिएटर भाड्याने घेणारा माणूस होता. त्याला बोलावलं, तशी त्याने लगेच कबुली दिली. जिथे जिथे चिनी माणसं राहतात, त्या सगळ्या जागी तो फोन करवत होता. रेस्टॉरंट, लॉन्ड्री, होस्टेल. "एकदा घाबरला, की माणूस तिकीट काढतोच, सर." फोन उचलणारी कोण, हे त्याला ठाऊकही नव्हतं. म्हणून तर 'चायनीज नर्स' एवढंच विचारायचे.

फोन करणारी त्याची बायको होती, तिशीची, अगदी बारकी. तिच्याकडे बघून मला खरंच वाटेना, म्हणून मी म्हटलं, "बोलून दाखवा." ती बोलली, आणि खोलीतला टायपिस्ट टाइप करायचा थांबला. लग्नाआधी ती तैवानमध्ये सिनेमांना आवाज द्यायची. तिथे नट्या नुसते ओठ हलवत, आवाज नंतर अशा बायकांचे भरत. या सिनेमातल्या भुताचा आवाज तिचाच होता. तिने सांगितलं, "पैसे नव्हते. राक्षस नाही, रक्त नाही, एक तळं आणि एक पांढरी पावडर लावलेली मुलगी. डायरेक्टर म्हणाला, मला असं नाव द्या, की ते ऐकून प्रत्येक घरात कुणीतरी दचकेल. मी माझंच दिलं."

"तुमचंही नाव चाओ-दी?"

"हो. आणि वाक्य माझी आजी म्हणायची तसंच म्हटलं. माझा भाऊ जन्मायचा होता तेव्हा रोज म्हणायची."

तिला नर्सबद्दल सांगितलं, तेव्हा तिने खुर्ची पुढे ओढली. मग म्हणाली, "मला तिला भेटू द्याल?"

डॉक्टर नको म्हणत होते. मुलगी हो म्हणाली. मेट्रनच्या ऑफिसात दोघींना समोरासमोर बसवलं. मी दाराशी उभा राहिलो. मुलगी टेबलाची कड घट्ट धरून होती. तिने इंग्लिशमध्येच सांगितलं, मला कळावं म्हणून असेल, "माफी नंतर मागा. आधी म्हणा. माझ्याकडे बघून म्हणा."

ती बाई म्हणाली. तोच म्हातारा आवाज त्या बारक्या तरुण तोंडातून बाहेर आला, आणि खरं सांगतो, सगळं ठाऊक असूनही माझ्या अंगावर काटा आला. मुलगी नजर त्या हलणाऱ्या ओठांवरून काढत नव्हती. वाक्य संपलं. मग मुलीने त्या आवाजाला उत्तर दिलं, आयुष्यात पहिल्यांदा.

"नाही येणार तो. मी सहा वर्षांची होते."

बाई उठून तिच्या शेजारी जाऊन बसली. पुढे दोघी त्यांच्या भाषेत बोलल्या, ते मला कळलं नाही. मी बाहेर आलो.

मुलीने तक्रार पुढे नेली नाही. थिएटरवाल्याला सक्त ताकीद दिली, फोन बंद झाले. ती विमानात बसली नाही. ट्रेनिंग पूर्ण केलं. भीती पूर्ण गेली का, हे मला ठाऊक नाही. मी विचारलंही नाही.

या केसने मला काय शिकवलं, हे नेमकं सांगणं कठीण जातं. तपास म्हणून पाहिलं तर फार काही हुशारी नव्हती. पण त्यानंतर कुणी मनात काही धरून घाबरत माझ्यासमोर बसलं, की 'कोणी केलं?' हा प्रश्न मी मागे ठेवायचो. आधी विचारायचो, "हे घडलं तेव्हा तुम्ही केवढे होता?" पुष्कळ माणसं तिथेच थांबत. बोटांवर मोजून बघत. तोवर त्यांना तो हिशोब कुणी विचारलाच नव्हता.