तुटलेलं टोक

दुपारचा नैवेद्य झाला की मी चौंडेश्वरीच्या देवळातल्या ओवरीत सतरंजीवर जरा आडवी होते. आजही झालेय. उशाशी टाळ आहेत. त्यांची दोरी सकाळीच तुटली. मी गाठ मारते आणि ती सुटते, म्हणून कंटाळून दोन्ही टोकं तशीच मोकळी सोडलीत. गावातले माग खटखटतायत. त्या ठेक्यावर मी मनातल्या मनात नाम घेतेय. डोळे मिटलेत, झोप मात्र लागत नाही.

कशी लागेल? संध्याकाळी दत्तूअण्णांच्या वर्षश्राद्धाचं कीर्तन आहे. दत्तोबा लोलगे, आधी मागवाला, मग आमदार, मग राज्यमंत्री. आता त्यांची लेक वैजू निवडणुकीला उभी राहतेय. तिचं म्हणणं असं, की पूर्वरंग संपून बुवांना हार घालतात, बुक्का लावतात, तेव्हाच पक्षाच्या अध्यक्षांनी नारदाच्या गादीवर उभं राहून तिचं नाव जाहीर करावं. कीर्तन मंडळ माझ्याकडे, म्हणून होकार माझा हवा. हो म्हणावं तर पाहुण्यांच्या मागे निम्मा मंडप उठणार आणि बुवा रिकाम्या सतरंज्यांना उत्तररंग सांगणार. नाही म्हणावं तर वैजू दुरावणार. त्या पोरीला मी मांडीवर वाढवलंय. थोड्या वेळात ती उत्तर मागायला येईल.

"वहिनी, जाग्या व्हा."

ओवरीच्या पायरीवर अण्णा बसलेत. झब्बा कडक इस्त्रीचा, पण पाय अनवाणी, आणि भुवयांवर कापसाचे बारीक तंतू, नुकतेच मागावरून उठल्यासारखे. ते गेलेत हे मला पक्कं ठाऊक आहे. तरी तोंडातून निघतं, "चहा टाकू?"

"नको. गाडी उभी आहे."

बाहेर हॉर्न वाजतो.

"बुवा आज शेल्याचं आख्यान लावणार ना?"

"तुमचं आवडतं म्हणून."

"कसलं आवडतं! जन्मभर अर्धंच ऐकलं. कोष्टी देवीसाठी शेला विणतोय, दारात राजा येतो, कोष्टी उठतो, धागा तुटतो. तेवढ्यात कुणीतरी कानाशी यायचं, साहेब, निघायला हवं. पुढं काय होतं, वहिनी?"

मी तोंड उघडते. हॉर्न पुन्हा वाजतो आणि ओवरीची पायरी पायाखालून वर वर चढत जाते. संगमरवरी, थंडगार, लाल गालिचा घातलेली. विधानभवनाच्या पायऱ्या आहेत या. अण्णा माझ्यापुढे भराभर चढतायत, आणि दोन्ही बाजूंची माणसं त्यांच्या गळ्यात हार घालतायत. ते घालून घेतात, काढतात, मागे देतात. माझे हात हारांनी भरून जातात.

"एकदा तरी गळ्यात राहू द्या की," मी ओरडते.

"मागच्याला जागा करावी लागते!" ते हसतात. मग थांबतात. "तुम्ही मंडपात कधी अडवलं नाहीत मला."

"मंत्र्याला कोण अडवणार?"

"मंत्री होतो, बहिरा नव्हतो."

वर पोचतो तर तिथे सभागृह नाही, आमचाच मंडप आहे. सतरंज्या रिकाम्या. नारदाच्या गादीवर बुवा एकटे उभे, ओठ हलतायत, आवाज नाही. मंडपाच्या तोंडाशी गाडी घुरघुरतेय.

"अण्णा, वैजूला काय सांगू?"

"मला काय विचारता? गाडीत कोण बसलंय ते बघा."

मी वाकून बघते. मागच्या सीटवर वैजू. गळ्यात हार. काच वर. ती फोनमध्ये बघतेय. मी काचेवर थापा मारते, "वैजू! ए वैजू!" ती मान वर करत नाही. चाकं हलू लागतात.

"लवकर सांगा," अण्णा माझ्या कानाशी म्हणतात. त्यांचा आवाज पहिल्यांदाच घाबरलेला आहे. "शेवट सांगा, वहिनी. मला तिथंच सोडू नका, दारातल्या त्या राजापाशी."

मी काच सोडत नाही. गाडीबरोबर धावत सांगते, बुवा सांगतात तसं, धापा टाकत. कोष्टी राजाबरोबर जातो. मानपान होतो, पालखी मिळते, केस पांढरे होतात. एक दिवस घराची ओढ लागते. माग मोडला असेल, शेला उंदरांनी खाल्ला असेल, असं म्हणत तो दार लोटतो. तर मागाशी देवी बसलीय. तुटलेलं टोक बोटांत धरून. कोष्टी उठला तेव्हापासून ती तशीच बसून आहे.

"ओरडली त्याला?"

"नाही. म्हणाली, आलास? घे, बांध."

सगळे माग एकदम थांबतात. गाडी नाही, पायऱ्या नाहीत. मी अण्णांच्या बापाच्या मागाच्या खोलीत उभी आहे. अण्णा खाली बसलेत आणि त्यांच्या हातात माझे टाळ आहेत. भिजल्या डोळ्यांनी ते दोरीची टोकं एकमेकांवर ठेवतात, बोटांनी काहीतरी चटकन करतात, ओठांनी ओलं करून ओढतात.

"एवढंच ना?" ते म्हणतात. "एवढ्यासाठी..."

"काकू! काकू, उठा ना. पाहुणे निघालेत तिकडून. काय ठरलं?"

वैजू उभी आहे. फोन कानापासून जरासा लांब धरलेला. बाहेर माग चालू आहेत.

मी उठून बसते. "अध्यक्षांना नाव आरतीनंतर जाहीर करू दे, वैजू. गादीवरून नाही, खाली उभं राहून. ज्याला तुझं नाव ऐकायचंय तो आरतीपर्यंत बसेल. आणि सगळ्यांच्या पुढे तू बसशील."

"अध्यक्ष नाही थांबले तर?"

"तर जातील. तू थांब."

तिचा चेहरा आवळतो. ती काही बोलणार तोच मी सवयीने टाळ उचलते, आणि ते दोन्ही एकदम उचलले जातात.

दोरी सांधलेली आहे. गाठ बारीक, चपटी, बोट फिरवल्याशिवाय लागायची नाही अशी. मी ओढते. सुटत नाही.

वैजू फोन खाली घेते. पुढे येऊन गाठीवर अंगठा फिरवते, पुन्हा फिरवते.

"ही मागावरची गाठ आहे," ती म्हणते. "काकू, तुम्हाला कुठं येते ही?"

"नाही येत," मी म्हणते.

फोनमधून कुणीतरी हॅलो हॅलो करतंय. वैजू माझ्याशेजारी सतरंजीवर बसते. दोरी अजून ओलसर आहे.