अकरा पिसशेपटे आणि एक मोडलेला हुकूम

माझं शेवटचं पोस्टिंग नेदरलँड्समध्ये झालं. ठिकाण, उइटहॉर्नजवळचं एक छोटं प्राणी उद्यान. हुद्दा, स्वयंसेवक. पगार शून्य. ड्यूटी मंगळवार, गुरुवार, शनिवार, सकाळी आठ ते एक.

इथल्या मराठी मंडळींनी दिवाळी अंकासाठी माझ्याकडे सैन्यातल्या आठवणी मागितल्या. त्यांना गोळीबार हवा असणार, हे मला ठाऊक आहे. तर आधीच सांगतो, मी अठ्ठावीस वर्षं मेडिकलमध्ये काढली. शिपाई नर्सिंग असिस्टंट म्हणून भरती झालो, सुभेदार म्हणून बाहेर पडलो. गोळ्या झाडल्या त्या रेंजवर, आणि तिथंही नेम बेताचाच. माझ्याकडे जे आहे ते सांगतो. पटलं तर छापा.

बायको गेल्यावर मुलगी अश्विनी मला इकडे घेऊन आली. जावई दिवसभर लॅपटॉपसमोर बसून मीटिंगा करणार, मी शेजारच्या खोलीत त्या ऐकणार, असं दीड महिना चाललं. मग मी अश्विनीला म्हटलं, मला काहीतरी काम लाव, नाहीतर गडहिंग्लजचं तिकीट काढ. तिने काम लावलं. इथं पेन्शनीत निघालेली माणसं फुकट कामं करतात आणि त्याचा त्यांना केवढा अभिमान. मला हे आवडलं. सकाळी सात पस्तीसला सायकल काढायची, सात पन्नासला गेटवर. पाऊस, वारा, काहीही असो. सदुसष्टाव्या वर्षी मी एकदाही लेट मार्क घेतलेला नाही.

माझ्या ताब्यात अकरा फेदरटेल ग्लायडर होते. हा ऑस्ट्रेलियातला प्राणी. मराठीत त्याला नाव नाही, म्हणून मी पिसशेपटे म्हणतो. उंदराहून लहान. वजन बारा-तेरा ग्रॅम, म्हणजे दोन चमचे साखर. शेपटीच्या दोन्ही बाजूंना ताठ केसांची सरळ रांग असते, त्यामुळे शेपूट हुबेहूब पिसासारखी दिसते. हातापायांच्या मध्ये कातडीचा पडदा. तो पसरला की या फांदीवरून त्या फांदीवर तरंगत जायचं आणि शेपटीने दिशा धरायची. काचेच्या उभ्या भिंतीवर ते सरसर चढतात. आमच्या कमांडोंना दोर लागतो, यांना तोही लागत नाही. पहिल्या दिवशी मी काचेला नाक लावून तासभर उभा होतो, हे कबूल करतो.

हे प्राणी रात्री जागणारे. म्हणून त्यांच्या घरात दिवसा अंधार आणि रात्री दिवे, असं उलटं वेळापत्रक. आत जाताना कपाळावर लाल दिवा लावायचा. माझं रुटीन ठरलेलं. तापमान बघायचं, चोवीस पाहिजे. काउंटिंग करायचं, अकरा पाहिजेत. मधाचं पाणी आणि किडे ठेवायचे, रजिस्टरमध्ये सही करायची. हे सगळं मला मराइकेने शिकवलं. मराइके ही त्या घराची मुख्य. हिला एक गोष्ट दोनदा सांगायला आवडत नाही आणि मला दोनदा ऐकायला. आमचं जमलं.

उद्यानाचा व्यवस्थापक विम. वय पंचेचाळीस असेल, उंची सहा फूट चार इंच. शेळ्या, घोडे आणि कॉफी यांत तो तरबेज. मला तो पहिल्याच दिवशी "शंकर" म्हणाला. बावीस वर्षांनी लहान माणूस. इथं तशीच पद्धत आहे म्हणे. मला ते लागलं होतं.

नोव्हेंबरातला एक मंगळवार. सोमवारी मराइकेच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं होतं आणि ती हॉस्पिटलमध्ये होती. सोमवारी संध्याकाळपासून वादळ. मंगळवारी सकाळी वारा इतका, की मी शेवटचा एक किलोमीटर सायकल हातात धरून चालत गेलो. तरी सात पन्नासला गेटवर.

सात अठ्ठावन्नला मी पिसशेपट्यांच्या घरात शिरलो. आत अंधार, पण तो तर रोजच असतो. पंख्याचा आवाज मात्र नव्हता. थर्मामीटरवर लाल दिवा टाकला. पाच डिग्री. वादळात त्या एका घराची वीज गेली होती. बाकी सगळीकडे दिवे चालू, म्हणून कुणाला कळलं नाही. तापमान उतरलं की मराइकेच्या फोनवर घंटा वाजते, आणि तिचा फोन हॉस्पिटलच्या कपाटात.

झोपायच्या लाकडी पेट्या दोन. पहिलीत नऊ, दुसरीत दोन. सगळे आवळून गोळा झालेले, कान दुमडलेले, शेपट्या पोटाशी. एकाला बोट लावलं. थंडगार आणि कडक. हलला नाही.

मी वॉकीटॉकी उचलला. "विम, विम, शंकर बोलतोय. फेदरटेलच्या घरात वीज नाही. तापमान पाच. अकरा कॅज्युअल्टी. ताबडतोब ये. ओव्हर."

"येतो," विम म्हणाला. ओव्हर म्हणायची त्याला सवय नाही.

तो चार मिनिटांत आला. एकेक पेटी बघितली, एक पिसशेपटा तळहातावर घेतला, कानाशी धरला. इथली माणसं सरळ बोलतात. तो म्हणाला, "मेले आहेत, शंकर. सगळे." आणि भिंतीला टेकून उभा राहिला. प्राण्यांच्या डॉक्टरीणबाईंना त्याने फोन लावला. त्या एका गोठ्यात गाईच्या बाळंतपणात अडकल्या होत्या. दहाच्या आत येणं शक्य नव्हतं.

मग विमला राहवेना. तो धावत जाऊन कँटीनमधला मोठा हीटर घेऊन आला, गरम हवेचा झोत टाकणारा. म्हणाला, पेट्या उघड, सगळ्यांना यासमोर ठेव, चोळ त्यांना, जगले तर जगले. त्याचे डोळे लाल झाले होते. मी पेट्यांसमोर उभा राहिलो आणि नाही म्हटलं.

"शंकर, इथला प्रमुख मी आहे. बाजूला हो."

अठ्ठावीस वर्षांत मी वरिष्ठाचा हुकूम कधी मोडला नाही. एकदा मोडायला हवा होता. त्याबद्दल आता सांगतो.

तेव्हा मी सत्तावीस वर्षांचा होतो. ग्लेशियरवर अठरा हजार फुटांच्या वर आमची पोस्ट होती. आम्ही नऊ जण. त्यात नाईक बाळू खोत, आजऱ्याकडचा. माझ्याच भागातला, म्हणून मला "पावणं" म्हणायचा. रोज माझ्या चहात जास्तीची साखर टाकायचा आणि डॉक्टरला सांगू नका म्हणायचा, डॉक्टर म्हणजे मीच. एके सकाळी खालच्या पोस्टकडचा रस्ता तपासायचा होता. सगळे एकाच दोराला बांधलेले, आणि बर्फावर सगळ्यात आधी पाऊल टाकतो तो पहिल्या टोकाचा. दोराच्या पहिल्या टोकाला कोण, असं विचारल्यावर बाळू पुढे झाला. अर्ध्या तासाने त्याच्या पायाखालचा बर्फ फुटला. तो भेगेत गेला. त्याला वर काढायला चार तास लागले.

वर आला तेव्हा तो लाकडासारखा झाला होता. सगळ्यांना वाटलं, संपलं. मी मानेवर दोन बोटं ठेवली आणि पूर्ण मिनिट थांबलो. नाडी होती. अगदी बारीक, लांब लांब अंतराने, पण होती. ट्रेनिंगमध्ये आमच्या कॅप्टन डॉक्टरांनी घोटून घेतलं होतं, की थंड पडलेल्याला मेला म्हणायचं नाही. गरम करून बघायचं, आणि गरम होऊनही उठला नाही, तरच गेला. आणि गरम करायचं ते हळूहळू. चोळायचं नाही, हलवायचं नाही, विस्तवाजवळ न्यायचं नाही. नाहीतर हातापायांतलं गार रक्त एकदम हृदयाकडे धावतं आणि हृदय बंद पडतं. मला हे सगळं पाठ होतं.

पोस्टचे प्रमुख, आमचे जेसीओ साहेब, मोठ्या मनाचे. बाळूवर पोटच्या पोरासारखा जीव. ते ओरडले, "बुखारी के पास लो. रगडो इसको."

मी म्हणालो, "साहब, धीरे धीरे..."

"ऑर्डर है."

मी गप्प बसलो. सत्तावीस वर्षांचा शिपाई होतो, साहेबांची नोकरी माझ्या वयाएवढी. सगळे बुखारीभोवती, म्हणजे रॉकेलच्या शेगडीभोवती बसून त्याचे हातपाय चोळायला लागले. मीही चोळले. वीस मिनिटांनी नाडी गेली.

कुणी मला दोष दिला नाही. साहेबांनाही नाही, आणि त्यांनाच द्यावा असं मला आजही वाटत नाही. त्यांना ठाऊक नव्हतं. मला होतं. सुट्टीत बाळूच्या घरी गेलो तेव्हा त्याच्या बायकोला, सुमनवहिनींना सांगितलं, आम्ही पोचलो तेव्हा सगळं संपलं होतं, त्याला काही कळलं नाही. त्यांना त्रास नको म्हणून बोललो, असं स्वतःला समजावत आलो. खरं म्हणजे मला सांगायची हिंमत झाली नाही.

म्हणून त्या मंगळवारी आठ बाराला मी विमला म्हणालो, "हीटर बंद कर. मला दोन तास दे. दहाला डॉक्टर येतील. तोवर यांची जबाबदारी माझी. चुकलो तर उद्यापासून मी येणार नाही."

विमने हीटरचं बटण बंद केलं.

पेट्या उघड्या न करता मी त्या उचलल्या. धक्का लागू नये म्हणून पावलं मोजत कँटीनमध्ये नेल्या. तिथं सतरा डिग्री होती. विमला म्हटलं, इथली गरमी वाढव, पण पंधरा मिनिटांत एकच डिग्री. त्याने वाढवली. मी जॅकेटची चेन उघडली, दोन्ही पेट्या स्वेटरवर छातीशी धरल्या, जॅकेट वरून ओढून घेतलं आणि खुर्चीत बसलो. झाकण बोटभर सरकवलं, कपाळावरचा लाल दिवा चालू केला, आणि सगळ्यात वरच्या पिसशेपट्याच्या कुशीवर नजर ठेवली.

काही नाही. विम समोर बसून होता. त्याने कॉफीसुद्धा केली नाही.

आठ एकतीसला ती कूस हलली. मी घड्याळाकडे बघितलं. काटा एक पूर्ण फेरा फिरला. आणखी वीस सेकंद. मग पुन्हा हलली.

"विम," मी म्हटलं, "श्वास आहे."

त्याने वाकून बघितलं. एवढा उंच माणूस गुडघ्यांवर बसला आणि तसाच राहिला. पुढचा पाऊण तास आम्ही दोघं एकेका पिसशेपट्याचा श्वास मोजत होतो, तो डच आकड्यांत, मी मराठीत. नऊ वाजून दहा मिनिटांनी पहिल्याला कापरं भरलं. थंडीतून परत येणारा माणूस असाच कापतो. त्या क्षणी मला जो आनंद झाला, तो पदक मिळाल्यावरही झाला नव्हता. साडेनऊला त्याने डोळे उघडले. विमने ड्रॉपरने कोमट मधाचं पाणी दिलं. माझ्या स्वेटरवरून चढत चढत तो खांद्यावर आला आणि तिथून विमच्या डोक्यावर झेपावला.

दहा वाजून पाच मिनिटांनी डॉक्टरीणबाई आल्या, बूट चिखलाने भरलेले. तोवर दहा जण जागे झाले होते. एक उठली नाही. सगळ्यांत म्हातारी मादी. बाईंनी तिला तपासलं आणि मान हलवली. गरम होऊनही उठली नाही. ती गेली.

बाईंनी समजावून सांगितलं, की हे प्राणी थंडीत शरीर जवळजवळ बंद करून पडून राहतात, ताकद वाचवायला. मेल्यासारखेच दिसतात. त्या झोतासमोर धरून चोळलं असतं, तर निम्मे तरी हातचे गेले असते. त्यांनी माझा हात हातात घेतला आणि हे कुठे शिकलात म्हणून विचारलं. मी त्यांना बाळू खोतबद्दल सांगितलं. नाडी होती, हेही सांगितलं. इतक्या वर्षांत ते मी पहिल्यांदाच उच्चारलं, आणि तेही इंग्रजीत, दोन परक्या माणसांसमोर. विम उठून उभा राहिला. बाईही. मग विम म्हणाला, त्याने हीटर चालूच ठेवला असता तर तो स्वतःला कधी माफ करू शकला नसता. मी म्हटलं, मला माहीत आहे.

रजिस्टरमध्ये मी लिहिलं, हजर दहा, मृत एक. सही केली आणि एक वाजता ड्यूटी संपवून घरी आलो.

घरात कुणी नव्हतं. दोन वाजता, म्हणजे तिकडे संध्याकाळी साडेसहाला, मी सुमनवहिनींना फोन लावला. दर दिवाळीला लावतो, त्यामुळे अवेळी फोन आला म्हणून त्या घाबरल्या. मी म्हटलं, वहिनी, बसून घ्या. आणि सगळं सांगितलं. चार तास, नाडी, साहेबांचा हुकूम, बुखारी, माझं गप्प बसणं. मी खोटं बोललो, तेही सांगितलं. शेवटी माफी मागितली.

मला वाटलं, आता त्या फोन ठेवतील.

पण त्या म्हणाल्या, "म्हंजे तुमच्या हातात गेले?"

"हो, वहिनी."

"जवळ कोण कोण हुतं?"

"आम्ही सगळे. आठ जण."

"तुम्ही रडत हुता?"

"सगळे रडत होतो."

"मला इतकी वर्षं वाटायचं, बर्फात एकटंच पडून गेले. हाक मारायला कुणी नव्हतं." त्या थांबल्या. "भाऊजी, हे आधी सांगायचं हुतं."

मी अठ्ठावीस वर्षांच्या नोकरीचा आणि त्या एका मंगळवारचा अभिमान बाळगतो. पण अंकात जागा थोडी असेल आणि काही कापायचंच असेल, तर माझं कापा. एवढं राहू द्या.

नाईक बाळू खोत. वय अठ्ठावीस. दोराच्या पहिल्या टोकाला स्वतःहून उभा राहिला. गेला तेव्हा आठ जणांचे हात त्याच्या अंगावर होते.