टेंभुर्णीचं पान

राजारामपुरीतला माझा स्कूटर मेकॅनिक बिडी कधी पेटवायचा नाही. दोरा सोडून तंबाखू तळव्यावर घ्यायचा, चुना लावून मळायचा आणि पान खिशात जपून ठेवायचा.

"पान टेंभुर्णीचं हाय, सायेब. आमचं आडनाव त्याच झाडावरनं पडलंय. देवक हाय आमचं, जाळायचं न्हाय."

मला पटलं. त्याच्यासमोर मीही बिडी पेटवेनासा झालो.

एकदा गॅरेजात त्याचे वडील निवांत बिडी ओढत बसले होते. मी चक्रावलो. देवकाचं विचारलं, तर ते खोकत हसले.

"आमचं देवक कळंबाचं झाड हाय की! टेंभुर्णीचं खूळ ह्येचं एकट्याचं."

वडिलांनी टाकलेलं थोटूक मेकॅनिकनं उचललं, विझवलं आणि उरलेलं पान उलगडून खिशात ठेवलं.

माझ्या खिशात तेव्हा बिडीचं बंडल होतं. त्याचं काय करायचं, मला अजून कळलेलं नाही.