पिठाच्या पिंपातले आजोबा

सदाशिव पेठेतले आमचे शेजारी आजोबा लहानपणी मूकपटांत धपकन पडून लोकांना हसवायचे. ऐंशीच्या घरातही मला पाहिलं की जिन्यात घसरल्याचं सोंग करत. त्यांच्या चित्रपटाचं एक रीळ सापडलं, तेव्हा ते दाखवायला ठेवलेल्या खेळाला मी त्यांना नेलं. "आता हसतील का हो?" हे त्यांनी रिक्षात दहादा विचारलं.

पडद्यावर छोटे आजोबा पिठाच्या पिंपात कोसळले. पण हिंजवडीची कॉम्प्युटरवाली मुलं काय, पेठेतले जाणकार काय, सगळे दुर्मिळ ठेवा म्हणून आदराने गप्प! आजोबा ताडकन उठले. "अहो, दहाव्याला आलात का? हसा की!"

एकच हशा पिकला, तो थांबेचना. आजोबा पडद्याकडे पाठ करून ती हसणारी तोंडं बघत राहिले. शेवटी मागून कुणीतरी खेकसलं, "ओ आजोबा, खाली बसा! पुढचं दिसत नाहीये!"

इतक्या आनंदाने खाली बसलेला माणूस मी पुण्यात दुसरा पाहिला नाही.