सतरा मिनिटांचं चित्रण

पहाटे साडेतीनला तो उठायचा. मोहिमेवर सगळे त्याला कॅमेरादादा म्हणत. वीस वर्षं त्याने गिर्यारोहकांच्या मागे डोंगर चढून माहितीपट टिपले. कॅमेरा त्याच्याकडे, बाकीचं ओझं हमालाच्या पाठीवर. हे दुसरं तो मुलाखतीत सांगत नसे.

एका खेपेचे हमालकाका साठीचे. बॅटऱ्या, भिंगं, तिपाई मिळून सव्वीस किलो. शेवटच्या कड्यावर गारठलेल्या बोटांनी दादाकडून कॅमेऱ्याचं बटण आधीच एकदा चुकून दाबलं गेलं. मग त्या मोहिमेची गिर्यारोहक मुलगी चढू लागली तेव्हा सुरू करायला दाबलं, कॅमेरा बंद झाला. ती वर पोचल्यावर बंद करायला दाबलं, सुरू झाला. पडद्यावर बर्फ साचलेलं, कळलंच नाही.

आठवड्याने संकलनाच्या खोलीत चढाई दिसलीच नाही. दिसले उतरणारे बूट, ऐकू आला दादाचा आवाज.

"पाय उचला की! शोभेला दिलेत का?"

"गुडघा धरलाय, साहेब. दोन मिनिटं टेकतो."

"टेका. गादी मागवू? नुसती पाठ वाकवायची, तेही होईना."

संकलक फिस्सकन हसला आणि लगेच त्याने तोंडावर हात धरला. पुढे काकांचा आवाज आला, "तो कॅमेरापण द्या इकडे. तुमचा तोल जातोय." भेगाळलेला हात भिंगासमोर आला. अशी सतरा मिनिटं. दादाला वर बघवेना.

शेजारी बसलेली गिर्यारोहक मुलगी म्हणाली, "मी परत चढेन, दादा. काकांना पुन्हा येता का विचारायला मात्र तुम्ही जायचं."

तो काकांच्या घरी गेला. काका दारात भांडी विसळत होते.

"काका, त्या दिवशी मी फार बोललो."

"कोणत्या दिवशी? रोजच बोलता की."

दादाचे कान तापले. जुळवून आणलेली माफी सोडून तो म्हणाला, "या वेळी ओझं मी उचलतो. तुम्ही नुसती वाट दाखवा."

काकांनी त्याला खालपासून वरपर्यंत न्याहाळलं. "मग दिवस जास्त लागतील. मी रोजावर येईन, ठरीव रकमेवर नाही."

"चालेल."

दुसऱ्या चढाईत दर शंभर पावलांवर दादा बसायचा. काका रिकाम्या हातांनी उभे राहायचे. घाई करा म्हणायचे नाहीत, त्यानेच तो जास्त ओशाळायचा. त्या माहितीपटाची त्याची सगळी कमाई या दुसऱ्या खेपेत गेली. काकांचे नऊ रोज भरले. वाट चार दिवसांची होती. उरलेले पाच दादाच्या बसण्याचे.